छायालेखकाच्या श्रमांचे मोल

चित्रपट गाजला की श्रेय नटाकडे आणि दिग्दर्शकाकडे जाते. छायालेखकाचे नाव श्रेयनामावलीत क्षणभर दिसून नाहीसे होते. व्ही. के. मूर्ती यांची कारकीर्द या उपेक्षेचा बोलका दाखला आहे. १९२३ साली म्हैसूर येथे जन्मलेल्या मूर्तींनी बंगळूरच्या तंत्रनिकेतनात छायालेखनाचे रीतसर शिक्षण घेतले व मुंबई गाठली. ‘बाजी’च्या (१९५१) वेळी ते साहाय्यक होते, ‘जाल’पासून (१९५२) गुरुदत्त यांनी कॅमेरा त्यांच्या स्वाधीन केला.

‘कागज के फूल’ (१९५९) हा भारतातील पहिला सिनेमास्कोप चित्रपट. त्यात ओसाड स्टुडिओत वरून प्रकाशाचा झोत उतरावयास हवा होता. दिव्याचे किरण पसरतात, सूर्याचे जवळजवळ समांतर येतात. मूर्तींनी एक मोठा आरसा बाहेर उन्हात व दुसरा आत उंचावर ठेवून प्रत्यक्ष सूर्यप्रकाशच आत वळविला. साधन साधे होते. त्यामागची दृष्टी मात्र वर्षानुवर्षांच्या मेहनतीची होती.

चित्रपट तिकीटबारीवर कोसळला. छायालेखनास मात्र फिल्मफेअर पारितोषिक लाभले. बाजारातील किंमत आणि कारागिरीचे मोल यांचा मेळ बसतोच असे नाही. १९६९ साली सुरू झालेला दादासाहेब फाळके पुरस्कार छायालेखक म्हणून प्रथम मूर्तींना मिळाला, तो २००८ या वर्षासाठी. २०१४ मध्ये ते निवर्तले. फाळके स्वतः आरंभी छायाचित्रकाराचा व्यवसाय करीत. त्यांच्या नावाचा सन्मान कॅमेऱ्यामागील माणसापर्यंत पोहोचण्यास जवळजवळ चार दशके लागावीत, याचा विचार चित्रपटसृष्टीने व प्रेक्षकांनीही करावयास हवा.