जखम भरते, नोंद मात्र राहून जाते

काही वर्षांपूर्वीची गोष्ट. दहा वर्षांचा एक मुलगा वजन वाढत नाही म्हणून आईबरोबर माझ्याकडे आला होता. टेबलापर्यंत चालत येताना त्याच्या चालीत किंचित लचक दिसली. झोपवून मोजले, तो डावा पाय दोन सेंटिमीटरने तोकडा आणि गुडघा आतल्या बाजूस कललेला. ''पूर्वी कधी लागले होते का?'' या प्रश्नावर आईला बराच विचार करावा लागला. तीन वर्षांपूर्वी दिवाळीच्या सुट्टीत बेळगावहून सारे कुटुंब कोकणात गेले होते. किनाऱ्यावर भाड्याने मिळणाऱ्या चारचाकी बीच बाईकवर मुलगा मामाच्या मागे बसला. वळण घेताना गाडी उलटली आणि मांडीचे हाड गुडघ्याजवळ मोडले. प्लास्टर झाले, निघाले, मुलगा पुन्हा धावू लागला. सर्वांनी सुटकेचा निःश्वास टाकला.

जुने डिस्चार्ज कार्ड मागवून पाहिले. त्यावर एवढेच होते : 'पडून मार. डाव्या मांडीचे फ्रॅक्चर. प्लास्टर.' वाहनाचा उल्लेख नाही, ग्रोथ प्लेटचा नाही, पुन्हा केव्हा दाखवावे हेही नाही.

मुलांच्या लांब हाडांच्या टोकांशी कूर्चेची जी पातळ चकती असते, तिला आपण ग्रोथ प्लेट म्हणतो. मांडीच्या हाडाची सुमारे ७० टक्के वाढ गुडघ्याजवळच्या चकतीतून होते. म्हणजे वर्षाला साधारण एक सेंटिमीटर. अस्थिभंग या चकतीतून गेला, तर बरे होताना तेथे हाडाचा लहानसा पूल तयार होऊ शकतो. पूल बांधला गेला त्या बाजूची वाढ खुंटते, उरलेली बाजू वाढत राहते आणि पाय वाकडा होत जातो. प्रौढाचे हाड जुळले की प्रकरण बहुधा संपते. मुलाचे खरे प्रकरण कधी कधी तेथून सुरू होते. डोक्याला मार लागलेल्या मुलास काही वर्षांनी फेफरे येऊ लागणे, हेही त्याच जातीचे.

मूळ दुखापत बरी झाल्यावर मागे उरणाऱ्या अशा अवस्थेस वैद्यकीय वर्गीकरणात 'सिक्वेला', म्हणजे उत्तरपरिणाम, म्हणतात. रोगांच्या आंतरराष्ट्रीय वर्गीकरणाची परंपरा १८९३ मधील बर्टिलाँ यांच्या मृत्युकारणांच्या यादीपर्यंत मागे जाते. १९४८ पासून हे काम जागतिक आरोग्य संघटनेकडे आहे. तिची दहावी आवृत्ती, आयसीडी-१०, १९९० मध्ये संमत झाली. तीत 'व्ही ८६' हा गट रस्त्याबाहेर चालवण्यासाठी बनवलेल्या मोटार वाहनांवरील जखमींसाठीच राखलेला आहे. वाळूतील बीच बाईक तेथेच बसते.

अमेरिकेत १ ऑक्टोबर २०१५ पासून या आवृत्तीचे विस्तारित रूप वापरात आले. त्यात दुखापतीच्या संकेतांकास सातवे अक्षर जोडतात : प्रत्यक्ष उपचार चालू असताना 'ए', हाड भरून येण्याच्या काळातील तपासणीस 'डी' आणि उत्तरपरिणामास 'एस'. 'एस' वापरण्यास कालमर्यादा नाही. अपघातानंतर दहा वर्षांनीही तो लावता येतो. आमच्या या मुलाची नोंद त्या पद्धतीने तीन पायऱ्यांत होईल. प्रथम आज दिसणारी व्यथा : एम २१.७५२, डाव्या मांडीच्या हाडामुळे आलेली पायांच्या लांबीतील तफावत. मग मूळ दुखापत : एस ७९.१२२ एस, डाव्या मांडीच्या खालच्या टोकाच्या ग्रोथ प्लेटचा दुसऱ्या प्रकारचा साल्टर-हॅरिस अस्थिभंग. शेवटी कारण : व्ही ८६.६५ एक्स एस, अशा वाहनावर मागे बसलेला, रहदारीच्या रस्त्याबाहेर जखमी झालेला. कारणाचा संकेतांक कधीही पहिला येत नाही, हा नियम.

जागतिक आरोग्य संघटनेच्या मूळ आवृत्तीत मात्र हे 'एस' नाही. तेथे दुखापतीच्या उत्तरपरिणामांना टी ९० ते टी ९८ हे गट आहेत आणि कारणासाठी वाय ८५, म्हणजे वाहतूक अपघाताचे उत्तरपरिणाम. एस.टी. असो, स्कूटर असो वा बीच बाईक, वर्षभराने सारी या एकाच गटात मिसळून जातात. कोणत्या वाहनाने मुलास अधू केले, हे संकेतांक सांगू शकत नाही. ते सांगू शकते केवळ डॉक्टरांनी हाताने लिहिलेले एक वाक्य.

हे वाक्य लिहिण्यास वेळ कोठे आहे, असे माझे व्यवसायबंधू म्हणतील. परंतु मोजले जात नाही, त्याचा बंदोबस्तही होत नाही. अमेरिकेत तीनचाकी एटीव्हींमुळे झालेल्या जखमा आणि मृत्यू मोजले गेले, म्हणूनच १९८८ मध्ये उत्पादकांनी अशा नव्या गाड्यांची विक्री थांबवण्याचे मान्य केले. सोळा वर्षांखालील मुलांनी ही वाहने चालवू नयेत, असा तेथील बालरोगतज्ज्ञांच्या अकादमीचा सल्ला आहे. आपल्या किनाऱ्यांवर तो किती पाळला जातो, हे आपण सुट्टीत पाहतोच.

म्हणून डॉक्टरांना विनंती अशी, की 'पडून मार' एवढ्यावर थांबू नये. वाहन कोणते, मूल चालवत होते की मागे बसले होते, शिरस्त्राण होते का, ग्रोथ प्लेट दुखावली का आणि पुन्हा केव्हा मोजावे, या पाच गोष्टी लिहाव्यात. पालकांनी प्लास्टर निघाले म्हणून फाईल व एक्स-रे टाकून देऊ नयेत. मुलाची वाढ पूर्ण होईपर्यंत ते जपावेत आणि नव्या डॉक्टरांना जुना अपघात आपणहून सांगावा.

त्या मुलाचा हाडाचा पूल सुदैवाने लहान होता. अस्थिरोगतज्ज्ञांनी तो काढला आणि गुडघा हळूहळू सरळ होत आहे. परंतु वाढीची जी तीन वर्षे निघून गेली, ती त्याला कोणीही परत देऊ शकत नाही. त्या डिस्चार्ज कार्डावर एक ओळ अधिक असती, तर ती गेली नसती.