कूयाते, दानी

(४ जून १९६१ – ). पश्चिम आफ्रिकेतील बुर्किना फासो (१९८४ पूर्वीचे अपर व्होल्टा) या देशातील चित्रपटदिग्दर्शक व कथाकथनकार. ग्रिओ या वंशपरंपरागत कथागायकांची मौखिक परंपरा चित्रपटमाध्यमात आणण्याच्या कार्यामुळे तो विशेष प्रसिद्धीस आला. जन्म बोबो-द्यूलासो येथे. वडील सोतिगी कूयाते (१९३६–२०१०) हे ग्रिओ व ख्यातनाम नट. पीटर ब्रुक यांनी रंगभूमीवर आणलेल्या महाभारतात (१९८५) त्यांनी भीष्माची भूमिका केली होती. दानीचे चित्रपटविषयक शिक्षण वागाडूगू व पॅरिस येथे झाले. वडिलांनी स्थापन केलेल्या कथाकथन-पथकातून त्याने यूरोप व अमेरिकेत कार्यक्रम केले.

मांदे समाजात ग्रिओ (स्थानिक नाव जेली) हा वंशावळींचा जाणकार, स्तुतिगायक, इतिहासकथक व तंट्यांतील मध्यस्थ असतो. तेराव्या शतकात माली साम्राज्य स्थापन करणाऱ्या सुंद्याता केइता याच्या वंशाचे ग्रिओपद परंपरेने कूयाते घराण्याकडे आहे. ग्रिओची कथा मुखोद्गत असते. श्रोते व प्रसंग पाहून तो तिचा विस्तार वा संकोच करतो. याउलट चित्रपटात मुद्रित झालेली कथा कायमची ठरून जाते. परंपरा जतन करताना तिचा हा जिवंतपणाच नष्ट होण्याचा धोका असतो. कूयातेच्या चित्रपटांची मांडणी या दृष्टीने लक्षणीय आहे.

त्याच्या केइता (१९९५) या पहिल्या पूर्ण लांबीच्या चित्रपटात एक वृद्ध ग्रिओ शहरातील शाळकरी मुलाला त्याच्या नावाचा उगम सांगण्यासाठी येतो. ही भूमिका सोतिगी यांनीच केली आहे. कथेत गुंतलेल्या मुलाचे शाळेकडे दुर्लक्ष होते व त्यावरून घरात वितुष्ट येते. अखेर ग्रिओ निघून जातो व सुंद्याताची कथा अपुरीच राहते. तिचा उर्वरित भाग शोधण्याची जबाबदारी मुलावर येते. शाळेतील ज्ञान व पूर्वजांचे ज्ञान यांतील तुटलेपणा हा या चित्रपटाचा गाभा होय.

सिया, ल रेव्ह द्यु पितों (२००१) हा चित्रपट मूसा द्यागाना यांच्या नाटकावर आधारलेला आहे. वागादूच्या आख्यायिकेत अजगरदेवतेला कुमारिकेचा बळी दिला जातो. या प्रथेमागील सत्ताधाऱ्यांचे कपट उघड करून कूयाते परंपरेचीही चिकित्सा करतो. सोलेय (२०१४) यात स्मृती हरवलेल्या तरुणीवर एक वृद्ध ग्रिओ कथा व प्रवास यांच्या साहाय्याने उपचार करतो.

पुढे त्याने स्वीडनमध्ये वास्तव्य केले. शेक्सपिअरच्या मॅक्‌बेथवर आधारित काटांगा (२०२४) हा त्याचा चित्रपट मोरे भाषेत असून त्यास २०२५ मध्ये वागाडूगू येथील आफ्रिकी चित्रपटमहोत्सवाचे सर्वोच्च पारितोषिक, येनेंगाचा सुवर्णाश्व, मिळाले.