नाचणीचा गोळा आणि नदीचा वाटाड्या

नाचणी म्हटली की आपल्याला भाकरी नि आंबील आठवते. पण कर्नाटकात, कावेरीकाठच्या भीमेश्वरी-गालिबोरेच्या रानात तिचे उकडलेले गोळे गळाला लावीत, तेही ५० किलोपर्यंत वाढणाऱ्या महाशीर माशासाठी! हौशी पाहुण्यांना टोपलीसारख्या गोल होडीतून नेणारे वाटाडे काठच्याच गावांतले. काहीजण तर पूर्वी चोरून मासे मारणारे! मासा धरायचा, वजन करायचे नि पुन्हा नदीत सोडायचा, असा शिरस्ता. जिवंत माशावर चूल पेटू लागली, तसे हेच लोक नदीत सुरुंग उडवणाऱ्यांवर नजर ठेवू लागले.

पुढे १९७२च्या वन्यजीव कायद्यावर बोट ठेवून, २०१०च्या सुमारास अभयारण्यातली ही गळाची हौस बंद झाली. कायद्याचा हेतू चांगलाच. कुबडाचा हा महाशीर नष्ट होण्याच्या काठावर असल्याचे २०१८मध्ये जाहीरही झाले. पण वाटाडे म्हातारे झाले, नि मुलांना ती विद्या शिकवायला कारण उरले नाही. आजीचा झाडपाल्याचा बटवा नाही का, विचारू विचारू म्हणता तिच्याबरोबरच जातो? मासा वाचवायचा, तर त्याला ओळखणारी माणसेही सांभाळायला नकोत का?