धारावीची राखीव जागा कोणाची?

2024 च्या लोकसभा निवडणुकीत मुंबई उत्तर-मध्य या खुल्या मतदारसंघातून वर्षा गायकवाड निवडून आल्या. भाजपने समोर उज्ज्वल निकम यांच्यासारखे नामांकित सरकारी वकील उभे केले होते. त्यांचा 16 हजार 514 मतांनी पराभव करून एक बौद्ध स्त्री खुल्या जागेवरून दिल्लीला गेली, याचा आम्हाला आनंदच झाला. पण त्याच वर्षी नोव्हेंबरात विधानसभेची निवडणूक आली आणि त्यांनी सोडलेल्या धारावीच्या राखीव जागेवर काँग्रेसने उमेदवारी दिली ती त्यांच्या भगिनी ज्योती गायकवाड यांना. त्या निवडूनही आल्या. म्हणून हा प्रश्न विचारणे आम्हाला भाग आहे.

आधी हिशेब पाहू. वडील एकनाथ गायकवाड धारावीतून 1985, 1990 आणि 1999 साली आमदार झाले. 1995 ची एक निवडणूक तेवढी शिवसेनेने जिंकली. 2004 साली एकनाथरावांनी लोकसभेला मनोहर जोशींना पाडले आणि धारावी कन्येकडे आली. 2004, 2009, 2014, 2019 अशा सलग चार वेळा वर्षाताई निवडून आल्या. आता धाकटी बहीण.

वर्षाताई केवळ बापाच्या पुण्याईवर तगल्या, असे म्हणणे अन्यायाचे होईल. बाबासाहेबांच्या पीपल्स एज्युकेशन सोसायटीच्या सिद्धार्थ महाविद्यालयात त्या प्राध्यापक होत्या. 2014 च्या मोदी लाटेत भलेभले वाहून गेले, त्यांनी धारावी राखली. शालेय शिक्षणमंत्री असताना 26 जानेवारी 2020 पासून शाळाशाळांत संविधानाच्या उद्देशिकेचे वाचन त्यांनी सुरू करविले. 2023 साली मुंबई काँग्रेसच्या त्या पहिल्या महिला अध्यक्ष झाल्या. 2022 साली अदानी समूहाने 5 हजार 69 कोटींची बोली लावून धारावी पुनर्विकासाचे काम मिळविले, तेव्हापासून त्या विरोधात उभ्या राहिल्या. 1 जानेवारी 2000 ही पात्रतेची तारीख धरली, तर नंतर आलेला झोपडीवासी आणि वरच्या माळ्यावर राहणारा कामगार धारावीबाहेर फेकला जाणार, हे त्यांचे म्हणणे आम्हालाही मान्य आहे.

कुणी म्हणेल, पवारांची, ठाकरेंची, विखेंची, चव्हाणांची घराणी पिढ्यान्‌पिढ्या सत्ता भोगतात, तेव्हा गप्प बसणारे बौद्धाचे घराणे दिसताच बोटे का मोजतात? प्रश्न रास्त आहे. ज्यांनी स्वतःच्या जातीची घराणेशाही मुकाट्याने पोसली, त्यांनी आम्हाला शहाणपण शिकवू नये.

परंतु एक फरक आहे. विखे-पाटलांची जागा ही कुण्या चळवळीच्या त्यागातून आलेली नाही. राखीव जागा तशी आहे. 1932 साली पुण्यात गांधीजींच्या उपोषणापुढे बाबासाहेबांना स्वतंत्र मतदारसंघ सोडावे लागले आणि त्या बदल्यात प्रांतिक कायदेमंडळांत 148 राखीव जागा मिळाल्या. त्यांतले दुखणे बाबासाहेबांना ठाऊक होते. उमेदवार आमचा, पण तिकीट दुसऱ्याच्या हातात! 1952 साली उत्तर मुंबईत काँग्रेसच्या नारायण काजरोळकरांनी खुद्द बाबासाहेबांचा पराभव केला, तो याच पद्धतीत. आज तिकीट वाटणाऱ्या पक्षाला ओळखीचे एक घर पुरते. वस्तीतला नवा, प्रश्न विचारणारा कार्यकर्ता त्याला नको असतो. दोष एकट्या गायकवाडांचा नाही. पण या सोयीचा लाभ त्यांच्या घराने घेतला, हेही खरे.

आमचे मत स्पष्ट आहे. जे कुटुंब खुल्या जागेवर जोशी आणि निकम यांना हरवू शकते, त्याने राखीव जागा दुसऱ्यासाठी मोकळी करायला हवी. राखीव जागा ही शिडी आहे. वर पोहोचलेल्याने ती आपल्याच अंगणात ओढून घेऊ नये. धारावीत चामड्याचे काम करणारे चर्मकार आहेत, तमिळ आदिद्रविड आहेत, सफाई कामगारांची शिकलेली मुले-मुली आहेत. त्यांच्यातला एकही माणूस विधानसभेच्या लायकीचा नाही काय?

पुढच्या निवडणुकीत तिकिटाची यादी लागण्याआधीच धारावीच्या बौद्धवाड्यांनी, चाळींनी, मंडळांनी हा प्रश्न काँग्रेसला आणि गायकवाड कुटुंबालाही विचारावा. मत मागायला आल्यावर विचारून उपयोग नाही. तेव्हा उशीर झालेला असतो.