लेखनाध्यापन आणि ‘लिहिणारी’चे स्थान

मराठी निबंधाचा विषय निघाला की विष्णुशास्त्री चिपळूणकरांनी १८७४ साली सुरू केलेल्या ‘निबंधमाले’चे स्मरण होणे स्वाभाविक आहे. परंतु तिच्याही एकोणीस वर्षे अगोदर, १८५५ साली, ‘ज्ञानोदया’च्या १५ फेब्रुवारी व १ मार्च या दोन अंकांत ‘मांग महारांच्या दुःखाविषयी’ हा निबंध प्रसिद्ध झाला होता. तो लिहिणारी मुक्ता साळवे ही फुले दांपत्याच्या पुण्यातील शाळेत शिकणारी चौदा वर्षांची मांग विद्यार्थिनी होती. या निबंधाकडे केवळ सामाजिक दस्तऐवज म्हणून न पाहता लेखनाचा पाठ म्हणून पाहिल्यास काय हाती लागते, याचा विचार येथे करावयाचा आहे.

प्रथम त्यातील युक्तिवाद पाहावा. वेद केवळ ब्राह्मणांचे असतील, तर इतरांना धर्मग्रंथ नाही आणि ग्रंथाअभावी धर्मही नाही. मग आमचा धर्म कोणता, असे ती देवालाच विचारते. प्रतिपक्षाचे विधान मान्य करून त्याची परिणती दाखविण्याची ही रीत तर्कशास्त्राला परिचितच आहे. पेशवाईतील छळाबरोबर ती उघड्यावर बाळंत होणाऱ्या स्त्रियांचे हाल सांगते. महारही मांगांना हलके लेखतात, हेही ती लपवीत नाही. दुःखाचे हे बारकावे तिच्या स्थानावरूनच दिसणारे आहेत. जात व लिंगभाव यांच्या छेदस्थानावरून जे दिसते त्याला ज्ञानाचे मोल आहे, हा विचार शर्मिला रेगे यांनी १९९८ साली दलित स्त्रीवादी भूमिदृष्टी म्हणून मांडला. मुक्तेच्या निबंधात त्याचे उदाहरण सापडते.

आता भाषेकडे वळू. मराठीत ‘मी लिहितो’ आणि ‘मी लिहिते’ यांत बोलणाऱ्याचे लिंग प्रकट होते. ‘मी निबंध लिहिला’ येथे क्रियापद कर्मानुसार चालत असल्याने ते झाकले जाते. मराठी वाक्यात लिहिणारी व्यक्ती कधी दिसते, कधी दिसत नाही. आपले प्रबंधगद्य मात्र ‘प्रस्तुत लेखकाला असे वाटते’, ‘असे म्हटले जाते’ अशा रचनांचा आदर्श पुढे ठेवते. त्यात विद्यार्थिनी एक तर पुल्लिंगी होते किंवा नाहीशी होते. तटस्थता हा शास्त्रीय लेखनाचा गुण खराच. तथापि तटस्थता आणि लेखिकेचे अदृश्य होणे या गोष्टी एक नव्हेत.

नांदेड-लातूर भागात या प्रश्नाला बोलीचीही जोड मिळते. १९४८ पर्यंत हा प्रदेश निजामाच्या राज्यात होता आणि उस्मानिया विद्यापीठात उच्च शिक्षणाचे माध्यम उर्दू होते. नांदेडचे पीपल्स कॉलेज १९५० साली, तर लातूरचे दयानंद महाविद्यालय १९६१ साली स्थापन झाले. त्यामुळे मराठीतून प्रबंध लिहिणारी येथील विद्यार्थिनी पुष्कळदा घरातील पहिलीच लिहिणारी स्त्री असते. तिच्या बोलीतील ‘काय करूलालास’ आणि ‘काय करूलालीस’ ही रूपे काळ, पुरुष व लिंग नियमाने दर्शवितात. त्यांना ‘अशुद्ध’ म्हणणे भाषाशास्त्राला मान्य होण्यासारखे नाही. ती प्रमाणभाषेहून भिन्न आहेत, एवढेच म्हणता येईल. अमेरिकेतील महाविद्यालयीन लेखन-शिक्षकांच्या परिषदेने १९७४ साली विद्यार्थ्यांचा स्वतःच्या भाषेवरील अधिकार ठरावाने मान्य केला, तो याच जाणिवेतून.

यावर असा आक्षेप येईल की, प्रमाणभाषा न शिकविल्यास याच विद्यार्थिनींचे नुकसान होईल. आक्षेप रास्त आहे. परीक्षा, नोकरी व न्यायालय यांची भाषा प्रमाणच आहे, आणि ती नाकारणे म्हणजे वंचितांना पुन्हा वंचित ठेवणे होय. म्हणून प्रमाणभाषा शिकवावी. परंतु ती विद्यार्थिनीच्या बोलीच्या जागी नव्हे, तिच्या जोडीला शिकवावी. निबंध तपासताना युक्तिवाद, निरीक्षण व भाषारूप यांचे गुण वेगवेगळे द्यावेत, म्हणजे एका प्रत्ययाच्या भेदापायी चांगला विचार नापास होणार नाही. ‘प्रस्तुत लेखिका’ आणि ‘मी लिहिते’ या रूपांना प्रबंधात निःसंकोच स्थान असावे. विषय देताना ‘मी पंतप्रधान झालो तर’ यासारख्या ठरावीक कल्पनांबरोबर विद्यार्थिनीने स्वतः पाहिलेल्या व्यवहाराची कारणमीमांसाही मागावी.

मुक्तेला लिपी शाळेने दिली. काय सांगावयाचे ते तिच्यापाशी होते. लेखनाध्यापनातील सामाजिक न्यायाचा प्रश्न हाच आहे की, लिपी देताना आपण ते सांगणे काढून तर घेत नाही ना?