कृष्ण होण्याआधीची मंदाकिनी

दादासाहेब फाळक्यांचा ‘कालिया मर्दन’ (१९१९) सुरू होतो तेव्हा पडद्यावर ना गोकुळ दिसतं, ना यमुना. दिसतो एका लहान मुलीचा चेहरा. ही सात वर्षांची मुलगी आता मुद्राभिनय करून दाखवणार आहे, असं पडद्यावरची पाटी आधीच सांगते. आणि ती दाखवते. एक भाव मावळतो न मावळतो तोच दुसरा उमटतो. ही फाळक्यांची लेक मंदाकिनी. ती अजून कोणीच झालेली नाही, ती फक्त मंदाकिनी आहे.

मग बघता बघता तो चेहरा विरघळतो आणि तिथेच कृष्णाच्या वेशातली तीच मुलगी उमटते!

त्या काळी ही जादू कॅमेऱ्यातच करत. भिंगाचं तोंड हळूहळू मिटायचं, हाताने फिरवलेली फिल्म तितकीच मागे न्यायची, आणि वेश बदललेल्या नटाला नेमक्या त्याच जागी बसवून तोंड पुन्हा हळूहळू उघडायचं. फाळके स्वतः जादूचे प्रयोग करणारे, पण इथे त्यांनी हातचलाखी लपवलीच नाही. आधी माणूस दाखवला, मग देव. तरीही पुढे हीच पोर कालियाच्या फण्यावर नाचते तेव्हा आपण कृष्णालाच बघत असतो. मला याचं नवल दर वेळी वाटतं.

जे डोळ्यांसमोर घडतं ते निरखून दाखवायचं, ही फाळक्यांची जुनी ओढ. ‘राजा हरिश्चंद्र’च्या आधी त्यांनी कुंडीत वाटाणा पेरून, रोज थोडं थोडं चित्रण करत ‘अंकुराची वाढ’ केली होती. १९१७ साली ‘चित्रपट कसे तयार करतात’मध्ये ते स्वतःच काम करताना दिसले. पण मुलीचा खरा चेहरा दाखवणं तेव्हा साधं नव्हतं. गिरगावातल्या ‘कोरोनेशन’ चित्रपटगृहात १९१३ साली लागलेल्या ‘हरिश्चंद्र’मध्ये राणी तारामती झाले होते साळुंके, म्हणजे पुरुष. बायका पडद्यावर यायला तयारच नव्हत्या. त्याच वर्षी ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये दुर्गाबाई कामत आणि कमलाबाई आल्या, तरी १९१७च्या ‘लंकादहन’मध्ये राम आणि सीता दोन्ही साळुंकेच. आणि त्यानंतर दोनच वर्षांनी एक मुलगी आपल्या खऱ्या रूपात समोर बसते आणि मुलगा असलेला देव होते.

‘हरिश्चंद्र’ दादरमध्ये घडला. ‘कालिया मर्दन’ मात्र नाशिकच्या ‘हिंदुस्थान’ चित्रपट कंपनीचा. फाळक्यांचे बहुतेक मूकपट नष्ट झाले, पण याचा मोठा भाग शाबूत आहे, मंदाकिनीच्या चेहऱ्यासकट. एकदा जरूर बघा, आणि सुरुवात चुकवू नका.