तीन सामने उरलेत, पण कोणाशी?

मैदानाचा हिशोब : लेखांक ६

गेल्या लेखांकात गुणतक्ता कसा वाचायचा ते पाहिलं. त्यावर येरमाळ्याच्या एका वाचकाने फोन करून खडसावलं. माणूस प्रो कबड्डीतल्या पुणेरी पलटणचा कट्टर. म्हणाला, "तक्ता म्हणजे झालं-गेलं. आमच्या कट्ट्यावर वाद असतो तो पुढचा. एवढे सामने उरलेत, एवढे जिंकले तर आपण येतो का, आणि आलो तर कितवे येतो? ते सांगा की."

तक्रार रास्त आहे, म्हणून आजचा लेखांक तिच्यासाठीच. खरं तर येरमाळा ज्या धाराशिव जिल्ह्यात येतं तो जिल्हा खो-खोचा. सारिका काळेला २०२० साली अर्जुन पुरस्कार मिळाला तो खो-खोसाठी. जानेवारी २०२५ मध्ये दिल्लीला पहिला विश्वचषक जिंकणाऱ्या महिला संघातली अश्विनी शिंदेही इथलीच. तरी उरलेल्या सामन्यांचं गणित शिकायला प्रो कबड्डीसारखी शाळा नाही. बारा संघ, लांबलचक साखळी आणि तिच्या शेवटी बाद फेरी. त्यात २०२४ पर्यंतचे नियम आणि आताचे नियम इतके वेगळे आहेत, की एकच हिशोब दोनदा करून ताडून पाहता येतो.

आपल्या गावोगावच्या स्पर्धा बहुतेक बाद पद्धतीच्या. चिठ्ठ्या टाकायच्या, जोड्या लावायच्या, हरला तो घरी. संघांची संख्या नीट जुळली नाही तर एखाद्याला 'पुढे चाल' मिळते, म्हणजे न खेळता वरच्या फेरीत. ती मिळते नशिबाने, आणि तिच्यावरून भांडणंही होतात. साखळी स्पर्धेत मात्र पुढे चाल कमवावी लागते. क्रमांकासाठी चालणारी सगळी मारामारी त्यासाठीच असते. पहिला-दुसरा आला म्हणून कोणी ढाल देत नाही. चषकापर्यंतची वाट तेवढी आखूड होते.

येरमाळ्याहून पुण्याला निघालेल्याला हे वेगळं सांगायला नको. थेट एसटी मिळाली तर डोळे मिटून बसायचं. नाही मिळाली तर बार्शीला उतरा, टेंभुर्णीला उतरा, आणि दर ठिकाणी पुढची गाडी चुकण्याची भीती. गाव तेच, पण गाड्या बदलाव्या लागल्या की पोहोचण्याची खात्री कमी होत जाते.

आता आकडे. २०२४ पर्यंतच्या पद्धतीत सहा संघ बाद फेरीत जात. पहिले दोन थेट उपांत्य फेरीत. तिसरा सहाव्याशी, चौथा पाचव्याशी, आणि त्यातले विजेते उपांत्य फेरीत. सगळे संघ तुल्यबळ आहेत, प्रत्येक सामना छापा-काटा आहे असं घटकाभर धरू. पहिल्या दोघांना दोन सामने जिंकायचे, म्हणजे विजेतेपदाची शक्यता चारात एक, २५ टक्के. तिसऱ्यापासून सहाव्यापर्यंत सगळ्यांना तीन सामने, म्हणजे आठात एक, १२.५ टक्के. तिसरा असो की सहावा, भाव एकच. दुसरा आणि तिसरा यांच्यात मात्र दुपटीचा फरक.

२०२५ च्या बाराव्या हंगामात हे सगळं बदललं. आठ संघ पुढे गेले. पाचवा ते आठवा यांच्यात प्ले-इन सामने झाले आणि त्यातले दोन विजेते पहिल्या एलिमिनेटरमध्ये भेटले. तिसरा आणि चौथा आपापसात मिनी-क्वालिफायर खेळले. त्यात हरलेला बाहेर गेला नाही, त्याला दुसऱ्या एलिमिनेटरमध्ये आणखी एक संधी मिळाली. पहिल्या दोघांचा क्वालिफायर आयपीएलसारखा होता. जिंकला तो अंतिम सामन्यात, हरला त्याला आणखी एक दार उघडं. पुन्हा छापा-काटा धरून वाटा मोजा. पहिल्या दोघांची शक्यता प्रत्येकी आठात तीन, ३७.५ टक्के. तिसऱ्या-चौथ्याची बत्तिसात तीन, ९.४ टक्क्यांच्या आसपास. पाचव्यापासून आठव्यापर्यंत प्रत्येकाला सहा सामने ओळीने जिंकायचे, म्हणजे चौसष्टात एक. दीड टक्का!

सहाव्या क्रमांकाचा भाव एका वर्षात साडेबारा टक्क्यांवरून दीडवर आला. वरवर पाहता नवी पद्धत उदार आहे, कारण सहाऐवजी आठांना आत घेते. माझ्या मते ती उलट कडक आहे. आत घेते खरी, पण दारातच उभं करते. पूर्वी 'काही करून सहात या' हे धोरण शहाणपणाचं होतं, आता 'काही करून पहिल्या दोनात या' याला पर्याय उरलेला नाही.

पाटणा पायरेट्सचं उदाहरण ताजं आहे. बाराव्या हंगामात तळाशी रुतलेला हा संघ साखळीतले शेवटचे सामने ओळीने जिंकत प्ले-इनपर्यंत आला. तिथे यू मुंबाला हरवलं, मग जयपूरला, मग बंगळुरूला. इतकं करूनही चषक तीन सामने दूरच होता, आणि पुढच्याच सामन्यात तेलुगू टायटन्सने त्यांना थांबवलं. लोक म्हणाले, दमले. दमले असतीलही. पण सहा सामने ओळीने जिंकण्याची अट ताज्यातवान्या संघालाही जडच जाते.

आता मूळ प्रश्न : उरलेले सामने कसे मोजायचे? कट्ट्यावर होतं ते असं. आपले गुण अधिक उरलेल्या सामन्यांचे सगळे गुण, झाली बेरीज. ही बेरीज फक्त छत सांगते. जमीन म्हणजे उरलेले सगळे हरलो तर किती, हेही लिहा. तीच दोन टोकं प्रतिस्पर्ध्यांचीही लिहा. आपली जमीन नवव्या संघाच्या छतापेक्षा वर गेली की आठात जागा पक्की. आपलं छत आठव्याच्या जमिनीखाली गेलं की आवरा. बहुतेक वेळ या दोन टोकांच्या मधे जातो आणि वादही तिथलाच असतो.

या मधल्या पट्ट्यात सगळ्यात दुर्लक्षित गोष्ट म्हणजे प्रतिस्पर्ध्यांचे आपापसातले सामने. समजा आपला संघ आठवा, १४ गुण, दोन सामने शिल्लक. मागे १२-१२ गुणांवर दोनच संघ, त्यांचेही दोन-दोन सामने शिल्लक, आणि त्यातला एक एकमेकांशी. छत पाहिलं तर दोघंही १६ वर पोहोचू शकतात आणि पोटात गोळा येतो. पण त्यांच्या आपसातल्या लढतीत एक हरणारच, म्हणजे दोघं मिळून १६ वर कधीच येणार नाहीत. त्याच वेळी त्यांच्यातला एक जिंकणारच, म्हणजे एक जण १४ वर नक्की येणार. आपण स्वस्थ बसलो, दोन्ही हरलो, तर गाठ गुणफरकावर पडणार किंवा ते पुढेच निघून जाणार. आपण एक जिंकलो तर १६, आणि बरोबरीला फार तर एकच संघ. दोन्ही जिंकलो तर १८, कोणाकडे पाहायची गरज नाही. एका तारखेवर बोट ठेवल्यावर चित्र केवढं स्पष्ट होतं पाहा.

हे इतकं स्वच्छ निघतं कारण आताच्या नियमांत विजयाला दोन गुण आणि पराभवाला शून्य. बरोबरी झालीच तर टायब्रेकर खेळवून निकाल लावतात. म्हणून प्रत्येक सामना बरोबर दोन गुण वाटतो. प्रत्येकी अठरा म्हणजे एकूण १०८ सामने, २१६ गुण. एकाला मिळाले की दुसऱ्याचे गेले. जुन्या नियमांत तसं नव्हतं. विजयाला पाच, बरोबरीला तीन-तीन, आणि सात किंवा त्याहून कमी गुणांनी हरलात तर हरूनही एक. एखादा सामना पाच गुण वाटायचा, एखादा सहा. बरोबरीत तर दोन्ही प्रतिस्पर्धी थोडेथोडे वर सरकायचे आणि तिसऱ्याचा जीव जायचा.

त्या एका गुणाची किंमत दहाव्या हंगामात दिसली. पलटणने २२ पैकी १७ जिंकले, ३ बरोबरीत सोडवले, २ हरले. ८५ अधिक ९ झाले ९४, पण तक्त्यात होते ९६. म्हणजे दोन्ही पराभव सात गुणांच्या आतले. जयपूर ९२ वर दुसरा, त्यांचे तिन्ही पराभवही आतलेच. खाली गुजरात आणि हरयाणा दोघंही ७० वर, पाटणा ६९ वर सहावा. गुजरात चौथा की हरयाणा, हे गुणफरकावर ठरलं आणि त्याचा उपयोग शून्य, कारण चौथा-पाचवा एकमेकांशीच खेळणार होते. पाटण्याचा एक गुण कमी पडला तो मात्र खरा. सहावा आला की आधी तिसरा आणि पुढे पहिला, अशी गाठ पडायची. पाटण्याने तिसऱ्या दिल्लीला ३७-३५ असं हरवलं आणि पुढे उभी होती पलटण. ३७-२१. हरयाणा मात्र गुजरात, मग जयपूर असं करत अंतिम सामन्यात पोहोचला आणि १ मार्च २०२४ ला हैदराबादमध्ये पलटणकडून २५-२८ असा हरला.

यावरून कुठल्या क्रमांकासाठी जिवाचं रान करायचं आणि कुठल्यासाठी खेळाडूंना विश्रांती द्यायची, हे ठरतं. नव्या पद्धतीतही पहिला की दुसरा याने वाट बदलत नाही. बाराव्या हंगामात पलटण आणि दिल्ली दोघांचे २६-२६ गुण होते, पलटण गुणफरकावर पहिली. त्या पहिलेपणाने काय मिळालं? तोच क्वालिफायर, तोच प्रतिस्पर्धी. दुसऱ्या-तिसऱ्याच्या सीमेवर मात्र, आपण वर मोजलं तसं, चौपटीचं अंतर आहे.

शेवटच्या दिवसाचं गणित कसं असतं याचा माझा आवडता नमुना अकराव्या हंगामातला. बालेवाडीत साखळीचा शेवटचा दिवस. पाच संघ पक्के झालेले, एक जागा शिल्लक. तेलुगू टायटन्स आपले बावीसही सामने खेळून ६६ गुणांवर बसलेले, हातात काही नाही. यू मुंबाही ६६ वर, पण एक सामना बाकी, बंगाल वॉरियर्सशी. सगळीकडे 'मुंबाला विजय हवाच' अशी हाकाटी. तसं नव्हतं. सात गुणांच्या आत हरले असते तरी एक गुण मिळून ६७ होत होते आणि टायटन्स बाहेर. बरोबरीत ६९. मोठा पराभव झाला तरच गुणफरक काढावा लागणार होता. म्हणजे टायटन्सना बंगालचा नुसता विजय पुरणार नव्हता, दणदणीत विजय हवा होता. शेवटच्या पाच मिनिटांत सहा गुणांनी मागे असता तर मुंबाने काय केलं असतं? चढाई रिकामी आणून घड्याळ संपवलं असतं, आणि हरूनही पुढे गेले असते. प्रत्यक्षात मुंबाने सामना जिंकला, ७१ गुणांसह पाचवा क्रमांक घेतला आणि ७० वर असलेल्या जयपूरला सहाव्यावर ढकललं. त्या ढकलण्यामुळे जयपूरची गाठ यूपी योद्धाशी पडली. ४६-१८ असा निकाल लागला! मुंबाची गाठ पाटण्याशी पडली आणि तेही तिथेच संपले.

आता तो भाग जो बेरजेत मावत नाही. तीन सामने उरलेत, पण कोणाशी आणि कधी? जागा पक्की झालेला संघ मुख्य चढाईपटूला बसवून राखीव पोरं उतरवतो, त्यामुळे तक्त्यातला पहिला संघ शेवटच्या आठवड्यात सोपा निघू शकतो. बाद झालेला संघ कधी ढेपाळतो, कधी नोकरी वाचवायला जिवावर खेळतो. त्याचा नियम सांगणारा मला अजून भेटलेला नाही. दुखापती तर सगळंच पालटतात. अकराव्या हंगामात पलटण गतविजेती म्हणून उतरली. कर्णधार अस्लम इनामदार दुखापतीने बाहेर गेला आणि संघ ६० गुणांवर आठवा राहिला. तेव्हा सहाच पुढे जायचे. हाच आठवा क्रमांक वर्षभराने आला असता तर प्ले-इन मिळाला असता, अर्थात दीड टक्क्याचा.

मैदानाचंही तसंच. अमेरिकेच्या एनबीए बास्केटबॉलमध्ये संघ ८२ सामने खेळतात ते मुख्यतः क्रमांकासाठी, कारण वरच्या संघाला सातातला पहिला, दुसरा, पाचवा आणि सातवा सामना घरी मिळतो. २०२३ साली मायामीचा संघ प्ले-इनमधून आठवा म्हणून आत आला आणि थेट अंतिम फेरीपर्यंत गेला, तिथे डेन्व्हरने त्याला ४-१ ने हरवलं. अशी उदाहरणं लक्षात राहतात ती विरळा म्हणूनच. आपल्याकडे घरचं मैदान क्रमांकावरून मिळत नाही, कार्यक्रमपत्रिकेवरून मिळतं. बारावा हंगाम विशाखापट्टणम, जयपूर, चेन्नई आणि दिल्ली या चार शहरांत झाला. पलटणला घरचा एकही सामना नव्हता, आणि बाद फेरी दिल्लीत.

पहिल्या क्वालिफायरमध्ये पलटण आणि दिल्ली ३४-३४ असे अडले. टायब्रेकरमध्ये दिल्ली जिंकली आणि अंतिम सामन्यात जाऊन बसली. पलटणने दुसऱ्या दाराने, टायटन्सना ५०-४५ असं हरवून, तिथे पोहोचायला एक सामना जास्त घेतला. ३१ ऑक्टोबर २०२५ ला त्यागराज स्टेडियमवर दिल्ली ३१-२८ ने जिंकली. येरमाळ्याच्या वाचकाचं म्हणणं, तो एक जास्तीचा सामना भोवला. तीन गुणांच्या फरकावरून ते सिद्ध करता येत नाही, खोडताही येत नाही.

पुढच्या लेखांकात गुणफरक : मोठे विजय साठवणारा संघ आणि थोडक्यात जिंकणारा संघ, यांतला खरा बळकट कोणता?